तुकोबांच्या अभंगावर म्युझिक कंपनीचा कॉपीराइट क्लेम, काय करू?

पेठेतला_नातू
नमस्कार मंडळी, घाईत टाईप करतोय, चुकलं तर सांभाळून घ्या. माझे बाबा ७१ वर्षांचे, भजनी मंडळात पेटी वाजवतात आणि गातात. पालखी पुण्यात मुक्कामाला होती तेव्हा गुडघ्यामुळे त्यांना दर्शनाला जाता आलं नाही, म्हणून मी घरीच मोबाईलवर त्यांचे दोन अभंग रेकॉर्ड करून चॅनलवर टाकले. चॅनल म्हणजे काय तर आपले नातेवाईक आणि मंडळातले लोक, जाहिरातीबिहिराती काही नाहीत. आठवड्यात दोन्ही व्हिडिओंवर एका म्युझिक कंपनीचा क्लेम. आता चॅनल बंद पडणार का, नोटीस येणार का? शेजारचे काका म्हणतात तीस सेकंदांपर्यंत चालतं, तेवढंच कापून ठेव. आणि बाबांचा एकच प्रश्न, जो मी चार दिवस जेवताना ऐकतोय, "तुकोबांनी कुठल्या कंपनीशी करार केला होता रे?"

कोथरूडचा_टाळकरी
सरळ आहे की. महाराज १६५० साली वैकुंठाला गेले, कॉपीराइट कायदा १९५७ चा. क्लेम शंभर टक्के खोटा, ठोक डिस्प्यूट (हरकत). ह्या कंपन्या उद्या पसायदानावर पण हक्क सांगतील.

काळा_कोट
टाळकरी भाऊ, थांबा, असं ठोकून द्यायला सांगू नका, पोराचं नुकसान व्हायचं. गाण्यात तीन वेगवेगळ्या गोष्टी असतात आणि तिघांचे मालक वेगळे असू शकतात. शब्द तुकोबांचे, ते सगळ्यांचे, त्यावर वादच नाही. पण चाल कुणाची? चाल बांधणारा गेल्यावर पुढच्या वर्षापासून ६० वर्षं हक्क चालतो. संगीतकार श्रीनिवास खळे २०११ ला गेले, म्हणजे त्यांनी बांधलेल्या चाली २०७१ संपेपर्यंत, मग शब्द कितीही जुने असोत. (पूर्वी ही मुदत ५० होती, टागोरांच्या साहित्याची संपत आली तेव्हा १९९२ मध्ये ६० केली.) तिसरं रेकॉर्डिंग, त्याची मुदत प्रकाशनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं. १९६० ची तबकडी २०२० संपली तशी मोकळी झाली, पण तबकडी मोकळी झाली म्हणून तिच्यातली चाल मोकळी होत नाही, इथेच सगळे फसतात.

तीस सेकंदांचा नियम आपल्या कायद्यात कुठेही नाही, काकांना सांगा. आणि देवळात गातो तेव्हा कुणी विचारत नाही असं म्हणाल तर त्याला कारण आहे, धार्मिक समारंभात गायला कलम ५२ मध्ये सूट आहे. नेटवर टाकणं हा त्यातला भाग नाही. बाबांनी ती चाल शिकली कुठून ते विचारा, आणि क्लेम नेमका कशावर आहे, रेकॉर्डिंगवर की रचनेवर (म्हणजे चालीवर), ते पण बघून सांगा.

पेठेतला_नातू
विचारलं. पहिला अभंग त्यांच्या आजोबांकडून आलेला, साधा भजनी ठेका. दुसरा "रेडिओवर ऐकून बसवला, चाळीस वर्षं गातोय, आता काय परत देऊ?" असं उत्तर मिळालं. क्लेम दोन्हीकडे वेगळे दिसतायत, पहिल्यावर रेकॉर्डिंगचा, ०:०० ते ०:४१. दुसऱ्यावर रचनेचा, जवळजवळ अख्ख्या व्हिडिओवर.

साउंडवाला_पिंट्या
०:०० ते ०:४१ मध्ये बाबा गातायत का रे? व्हिडिओ नाही पाहिला पण मला वाटतं नुसता तानपुरा असणार. मोबाईलच्या ॲपवर लावला असेल ना?

पेठेतला_नातू
अरे हो! नुसता तानपुरा, बाबा पेटीचा भाता मारतात आणि चष्मा पुसतात, मग सुरू करतात. तुला कसं कळलं??

साउंडवाला_पिंट्या
माझ्याकडे तिसरी केस आहे ही. ॲपमधला तानपुरा म्हणजे रेकॉर्ड केलेला तुकडा गोल गोल फिरवलेला असतो. तोच तुकडा कुणीतरी अल्बमला वापरतो, अल्बम कंपनीकडे जातो, कंपनी सगळा अल्बम साइटच्या गाणी ओळखणाऱ्या मशीनला खाऊ घालते, आणि मग मशीनला वाटतं हा तानपुरा पण ह्यांचाच. गाणं सुरू झालं की पेटी आणि आवाज वरचढ होतात म्हणून पुढे जुळत नाही. माणसाने ऐकलेलंच नसतं बघ ते.

काळा_कोट
पिंट्याशेठ, मानलं. मग पहिल्यावर बिनधास्त डिस्प्यूट टाक, भांडणाच्या भाषेत नको, चार ओळीत लिही की शब्द तुकारामांचे, चाल पारंपरिक, गायन आणि रेकॉर्डिंग आमचं घरचं, सुरुवातीचा तानपुरा अमुक ॲपचा आणि त्या ॲपच्या अटीत वापराला परवानगी आहे. अट आधी वाच मात्र! युट्यूब धरून चालतो, तिथे कंपनीला उत्तराला ३० दिवस असतात, गप्प बसले तर क्लेम सुटतो. क्लेम आणि स्ट्राइक (व्हिडिओ काढून चॅनलला दिलेला इशारा) वेगळे हे लक्षात ठेव. क्लेमने बहुतेक वेळा फक्त जाहिरातीचे पैसे तिकडे जातात, चॅनल बंद व्हायची भीती ९० दिवसांत तीन स्ट्राइक झाले तर.

दुसऱ्याला हात लावू नकोस. रेडिओवरची चाल म्हणजे कुणीतरी बांधलेली असणार, तिथे उगाच डिस्प्यूट टाकलास तर ते व्हिडिओ काढायला लावून स्ट्राइक देऊ शकतात.

आणि उद्या खरंच कुणी खोटी तक्रार लेखी केली तर आपल्या कायद्यातही सोय आहे. २०१३ च्या नियमांप्रमाणे साइटला ३६ तासांत मजकूर बंद करावा लागतो, पण तक्रारदाराने २१ दिवसांत कोर्टाचा आदेश आणला नाही तर साइट तो परत सुरू करू शकते. फुकटच्या धमक्यांविरुद्ध कलम ६० आहे. पण एका अभंगासाठी शिवाजीनगर कोर्टाच्या पायऱ्या कोण झिजवणार, मी वकील असून सांगतोय.

कोथरूडचा_टाळकरी
माझं अर्धं बरोबर होतं म्हणजे 😀

पेठेतला_नातू
बारा दिवसांनी अपडेट, पहिला क्लेम सुटला, कंपनीने काही न बोलता काढून घेतला. दुसरा तसाच ठेवलाय, जाहिरात दिसते तर दिसू दे. बाबांना पिंट्याभाऊची तानपुऱ्याची गोष्ट सांगितली तर त्यांना अपमान वाटला, "म्हणजे माझं गाणं त्यांनी ऐकलंच नाही?" काल माळ्यावरून आजोबांचा खरा तानपुरा काढायला लावलाय. दोन तारा तुटल्यात. मिरजेला पाठवायचा की पुण्यात कुणी चांगलं जवारी काढणारं (तारांचा झंकार जुळवून देणारं) आहे, कुणाला माहीत असेल तर सांगा.