क्रिकेट गेममध्ये ऐन फटक्याच्या वेळी येणारे गचके: कारण कसे शोधावे?

गोदाकाठ (प्रश्न)

नमस्कार मंडळी,

गेल्या दीड महिन्यापासून मी लॅपटॉपवर एक क्रिकेट गेम खेळत आहे. दोष गेमचा आहे की माझ्या यंत्राचा हे अजून ठरलेले नसल्यामुळे गेमचे नाव येथे लिहीत नाही. लॅपटॉपमध्ये इंटेलचा आय-५ १०३००एच प्रोसेसर, ४ जीबीचे जीटीएक्स १६५० ग्राफिक्स कार्ड, ८ जीबी रॅम आणि १४४ हर्ट्झचा पडदा आहे. विंडोज २५६ जीबीच्या एसएसडीवर (न फिरणाऱ्या, वेगवान साठवणीवर) आहे आणि गेम १ टीबीच्या जुन्या हार्ड डिस्कवर ठेवला आहे.

अडचण अशी की पडद्याच्या कोपऱ्यातला आकडा सेकंदाला ७० ते ७५ फ्रेम (एकामागून एक येणारी स्थिर चित्रे) दाखवत असतो, तरीही खेळ अडखळतो. गोलंदाजाची धाव व्यवस्थित दिसते, पण चेंडू हातातून सुटताना कधी कधी चित्र क्षणभर थांबते आणि पुन्हा चालू होईपर्यंत चेंडू यष्टींवर गेलेला असतो. चौकार गेला किंवा गडी बाद झाला की असाच गचका येतो. शिवाय वीस-पंचवीस मिनिटांनंतर सगळाच खेळ जड होतो. दर रविवारी दुबईला असलेल्या आतेभावाबरोबर ऑनलाइन सामना असतो, त्यात तर बॅट फिरण्यालाच उशीर होतो.

सर्व ग्राफिक्स सेटिंग सर्वांत खाली आणून पाहिली, गेम काढून पुन्हा टाकला, ड्रायव्हरही नवा केला, परंतु फरक पडला नाही. नवा लॅपटॉप घेणे सध्या शक्य नाही. या यंत्रावर हा खेळ सुरळीत चालू शकेल का, आणि चालणार असेल तर सुरुवात कोठून करावी?

मुळामुठा

आपण लक्षणे वेळेनुसार लिहिली आहेत, त्यामुळे उत्तर देणे बरेच सोपे झाले. माझ्या मते हा एक बिघाड नसून तीन-चार वेगळे बिघाड आहेत, आणि त्या सर्वांना आपण सगळे ‘लॅग’ (अडखळणे) हे एकच नाव देत असल्यामुळे एका बिघाडाचा उपाय दुसऱ्यावर करून पाहिला जात आहे.

सेकंदाला ७५ फ्रेम हा आकडा सरासरीचा आहे, आणि क्रिकेटच्या खेळात सरासरी फार थोडे सांगते. प्रत्येक फ्रेम तयार होण्यास किती वेळ लागला हे पाहावे लागते. सेकंदाला ६० फ्रेम म्हणजे प्रत्येक फ्रेमला १६.७ मिलिसेकंद, पण एका सेकंदात एकच फ्रेम १५० मिलिसेकंद अडकली आणि बाकीच्या भराभर निघाल्या, तर सरासरी जवळजवळ तशीच राहते आणि आपला फलंदाज मात्र बाद होतो. हिशोब करून पाहा. दोन्ही बाजूंच्या पॉपिंग क्रीजमधले अंतर ५८ फूट, म्हणजे सुमारे १७.७ मीटर असते. ताशी १४० किलोमीटरचा चेंडू, टप्प्यावरचे मंदावणे धरून, ते साधारण अर्ध्या सेकंदात कापतो. म्हणजे चेंडू ओळखून फटका निवडायला आपल्याला जेमतेम ३० फ्रेम मिळतात, आणि १५० मिलिसेकंदांचा एक गचका त्यातल्या ९ फ्रेम गिळतो. फुटबॉलच्या गेममध्ये असा गचका एखाद्या पासवर निभावून जातो, क्रिकेटमध्ये तो विकेट घेतो.

म्हणून पहिले काम मोजणीचे आहे. आफ्टरबर्नर आणि त्याच्याबरोबर येणारा रिव्हाट्यूनर या यंत्राचे आकडे पडद्यावर दाखवणाऱ्या सॉफ्टवेअरच्या साहाय्याने फ्रेम-वेळेचा आलेख, ग्राफिक्स कार्डाचा वापर, प्रोसेसरचे तापमान, प्रोसेसरचा वेग आणि वापरलेली रॅम या पाच गोष्टी पडद्यावर लावा आणि पाच षटकांचा सामना खेळा. प्रत्येक गचक्याच्या वेळी यांपैकी काय हलले ते लिहून ठेवा.

सेटिंग खाली आणूनही फरक पडला नाही, ही आपण दिलेली सर्वांत मोलाची माहिती आहे. ग्राफिक्स कार्ड दमले असते, तर गवत, प्रेक्षक आणि सावल्या कमी केल्यावर खेळ हलका झाला असता. तो झाला नाही, याचा अर्थ कार्ड रिकामे बसून दुसऱ्या कशाची तरी वाट पाहत आहे. कार्डाचा वापर ६० टक्क्यांच्या आसपास दिसला तर माझा अंदाज खरा समजा आणि चित्राची गुणवत्ता पुन्हा वाढवा. ती कमी ठेवून आपण विनाकारण डोळ्यांना शिक्षा देत आहात.

माझा पहिला संशय रॅमवर आहे. टास्क मॅनेजरमध्ये परफॉर्मन्स, मग मेमरी येथे किती स्लॉट वापरात आहेत ते दिसते. ८ जीबीची एकच पट्टी असेल, तर दोन तोटे एकदम होतात. एक म्हणजे जागा कमी पडते आणि विंडोज उरलेला माल डिस्कवर ठेवू लागते. दुसरा तोटा सहसा लक्षात येत नाही: एका पट्टीमुळे प्रोसेसर आणि रॅम यांच्यातला रस्ता निम्म्या रुंदीचा राहतो. आपल्या प्रोसेसरला चालणाऱ्या २९३३ वेगाच्या डीडीआर-४ रॅमची एक पट्टी सेकंदाला सुमारे २३.५ जीबी माहिती देऊ शकते, दोन पट्ट्या ४७ जीबीच्या आसपास. मैदानावरचे सगळे खेळाडू, चेंडूची गती आणि प्रेक्षकांच्या हालचाली यांचे गणित प्रोसेसर करत असल्यामुळे क्रीडा-गेममध्ये हा फरक सरासरीपेक्षा गचक्यांमध्ये अधिक जाणवतो.

चौकारानंतरचा गचका मात्र मला डिस्कचा वाटतो. त्या क्षणी कॅमेरा बदलतो, नवी दृश्ये लागतात आणि समालोचनाचे नवे वाक्य डिस्कवरून उचलले जाते. जुन्या हार्ड डिस्कला फिरत जाऊन प्रत्येक तुकडा शोधावा लागतो. पडताळणीसाठी एक सामना समालोचन बंद ठेवून खेळा. गचके कमी झाले, तर गेम एसएसडीवर हलवा, मग समालोचन पुन्हा चालू करता येईल.

विदर्भकन्या

मुळामुठा यांच्या म्हणण्याशी मी सहमत आहे, पण वीस-पंचवीस मिनिटांनी खेळ जड होतो याकडे अधिक लक्ष द्यायला हवे. मी नागपूरला लॅपटॉप दुरुस्तीचे काम करते. मार्च ते जून या काळात ‘गेम आधी चालायचा, आता अडखळतो’ अशी तक्रार घेऊन जे येतात, त्यांतल्या बहुतेकांचे यंत्र उघडल्यावर पंखा आणि उष्णता बाहेर टाकणाऱ्या जाळीच्या मध्ये धुळीचा नमद्यासारखा थर सापडतो. खोलीतच ४० अंश असतील तर पंखा तीच गरम हवा आत ओढतो, आणि प्रोसेसर ९५ अंशांच्या पुढे गेला की स्वतःला वाचवण्यासाठी वेग उतरवतो. आपला प्रोसेसर ४.५ गिगाहर्ट्झपर्यंत चढू शकतो, पण तापल्यावर तो दीड-दोन गिगाहर्ट्झवर आलेला मी पाहिला आहे. असा वेग खाली-वर होत राहिला की फ्रेमही खाली-वर होतात.

लॅपटॉप तीन वर्षांहून जुना असेल आणि हमी संपली असेल, तर तो उघडून स्वच्छ करून घ्यावा आणि थर्मल पेस्ट (प्रोसेसरची उष्णता बाहेर नेण्यासाठी त्यावर लावलेला लेप) बदलावी. स्वतः करणार असाल तर आधी बॅटरीची जोडणी काढा, आणि हवेचा झोत मारताना पंख्याची पाती बोटाने धरून ठेवा. पंखा झोताने वेगात फिरला तर त्याचे बेअरिंग खराब होऊ शकते. त्याच वेळी बॅटरी फुगलेली नाही ना, हेही पाहा. गादीवर किंवा मांडीवर ठेवून खेळू नये, कारण बहुतेक लॅपटॉप खालून हवा घेतात.

तोपर्यंतचा बिनखर्ची उपाय सांगते. विंडोजच्या पॉवर ऑप्शनमध्ये प्रोसेसरची कमाल पातळी १०० ऐवजी ९९ टक्के करा. त्यामुळे इंटेलच्या प्रोसेसरची टर्बो वाढ (मूळ वेगापेक्षा वर चढणे) सहसा बंद होते, वेग २.५ गिगाहर्ट्झच्या जवळ स्थिर राहतो आणि तापमान बरेच उतरते. सर्वोच्च फ्रेम थोड्या कमी होतील, परंतु क्रिकेटमध्ये स्थिर ६० फ्रेम या डळमळत्या ९० फ्रेमपेक्षा कितीतरी चांगल्या. चार्जर मात्र नेहमी लावलेला असावा. बॅटरीवर चालताना लॅपटॉप मुद्दाम वीज वाचवतो.

आणखी एक विनंती. फ्रेम वाढवून देतो म्हणणारी बूस्टर सॉफ्टवेअरे आणि अनोळखी रजिस्ट्री फायली (विंडोजच्या आतल्या सेटिंग बदलणाऱ्या) टाकू नका. अशा यंत्रांमध्ये काय काय बदलले गेले हे नंतर शोधता येत नाही, आणि अखेरीस विंडोज नव्याने टाकण्याची वेळ येते.

षटकार_१९८३

माझ्याकडे जवळजवळ असाच लॅपटॉप आहे. गेममध्ये फ्रेमची मर्यादा ६० वर ठेवल्यावर माझे गचके गेले. ही एवढी एकच गोष्ट करून पाहावी.

मुळामुठा

मर्यादा घालणे योग्यच आहे, फक्त पडद्याचा वेग विसरू नये. पडदा सेकंदाला १४४ वेळा ताजा होतो आणि १४४ ला ६० ने भागले की २.४ येतात, म्हणून काही फ्रेम दोन फेऱ्या दिसतात तर काही तीन. आलेख सरळ असूनही डोळ्यांना चेंडू थरथरत आल्यासारखा वाटतो. त्यामुळे एकतर पडदा ६० हर्ट्झवर आणून मर्यादा ६० ठेवावी किंवा पडदा १४४ वर राहू देऊन मर्यादा ७२ करावी, म्हणजे प्रत्येक फ्रेम बरोबर दोन फेऱ्या दिसेल. पडद्यात ॲडॅप्टिव्ह सिंकची (फ्रेम येईल तसा पडदा ताजा होण्याची) सोय असेल तर हा प्रश्न उरत नाही. व्ही-सिंक (फ्रेम पडद्याच्या फेरीशी जुळवणारी सेटिंग) चालू केल्याने चित्र फाटणे थांबते, पण तयार फ्रेम रांगेत थांबत असल्यामुळे बटण दाबणे आणि बॅट फिरणे यांतला वेळ वाढतो. फलंदाजी करणाऱ्याने व्ही-सिंक शक्यतो बंद ठेवावा.

दर्यावर्दी

मी फक्त ऑनलाइन सामन्याविषयी लिहितो, कारण माझे काम नेटवर्कचे आहे आणि वरच्या उपायांनी तो प्रश्न सुटणार नाही.

दुबईचे अंतर आपण समजता तेवढे दोषी नाही. मुंबई ते दुबई सुमारे १,९०० किलोमीटर आहे आणि प्रकाशतंतूमध्ये संदेश सेकंदाला साधारण २ लाख किलोमीटर जातो, म्हणून जाऊन-येऊन किमान १९-२० मिलिसेकंद लागतात. मधली उपकरणे, समुद्रातल्या तारेचा वळणाचा मार्ग आणि सर्व्हर कोठे आहे हे धरून तो वेळ ६०-७० झाला, तरी तो स्थिर असेल तर हात त्याला सरावतो. त्रास होतो तो वेळ एकदा ६० आणि पुढच्या चेंडूला १८० झाल्यावर.

यासाठी कमांड प्रॉम्प्ट उघडून आधी आपल्या घरच्या राउटरच्या पत्त्यावर पिंग (उत्तर यायला किती वेळ लागतो ते मोजणारी आज्ञा) पाच मिनिटे चालू ठेवा. राउटर त्याच घरात आहे, त्याचे उत्तर काही मिलिसेकंदांत यायला हवे. तेथेच आकडा मधूनमधून ८०-१०० वर उडी मारत असेल, तर दोष वायफायचा आहे. शेजारीपाजारी अनेकांचे राउटर वायफायच्या २.४ गिगाहर्ट्झ पट्ट्यावर असतात, त्यामुळे तेथे गर्दी होते; आपण ५ गिगाहर्ट्झवर या, किंवा त्याहून चांगले म्हणजे सरळ लॅनची तार ओढा. दहा मीटरच्या तारेने जे काम होते ते महागड्या राउटरनेही होईलच असे नाही. राउटरचे आकडे स्थिर आणि बाहेरचे अस्थिर असतील, तर सामना चालू असताना घरातला एखादा फोन छायाचित्रे आपोआप वर चढवत नाही ना, ते पाहा. अपलोडचा मार्ग भरला की आपण दाबलेल्या फटक्याचा संदेश त्या छायाचित्रांच्या मागे रांगेत उभा राहतो.

गोदाकाठ

सर्वांचे मनापासून आभार. बारा दिवस मी एका वेळी एकच बदल केला आणि प्रत्येक वेळी त्याच मैदानावर पाच षटके खेळलो. काय आढळले ते लिहितो.

रॅमची खरोखरच एकच पट्टी होती आणि ग्राफिक्स कार्डाचा वापर ५५ ते ६० टक्के होता. त्याच वेगाची दुसरी ८ जीबीची पट्टी बसवल्यावर चेंडू सुटतानाचे गचके जवळजवळ गेले. समालोचन बंद केल्यावर चौकारानंतरचा गचका कमी झाला, म्हणून एसएसडीवर जागा करून गेम तिकडे नेला आणि आता समालोचनासह खेळतो. यंत्र उघडून स्वच्छ केले, तेव्हा विदर्भकन्या यांनी वर्णन केलेला थर जसाच्या तसा निघाला. प्रोसेसर ९६ अंशांवर जात होता, तो आता ८२ च्या पुढे जात नाही, त्यामुळे ९९ टक्क्यांचे बंधनही काढले. मर्यादा ७२ ठेवली आहे. ऑनलाइनचा दोष वायफायचाच निघाला. राउटर बैठकीत आणि मी माडीवर, मध्ये दोन जाड भिंती. तार ओढल्यावर परवाच्या रविवारी प्रथमच माझा आणि आतेभावाचा पूर्ण वीस षटकांचा सामना तक्रारीशिवाय पार पडला.

एक बारीक गोष्ट उरली आहे. नवे मैदान निवडले की पहिल्या षटकात दोन-तीन गचके येतात आणि मग येत नाहीत. याचे काही करता येईल का?

मुळामुठा

ते बहुधा शेडरचे आहे. त्या मैदानाचा प्रकाश, गवत आणि सावल्या काढण्याच्या सूचना ग्राफिक्स कार्डाच्या भाषेत पहिल्यांदाच तयार होतात आणि मग साठवून ठेवल्या जातात, म्हणून दुसऱ्या षटकापासून शांतता. एनव्हिडिया कंट्रोल पॅनेलमध्ये शेडर कॅशचा (या साठ्याचा) आकार १० जीबी करून ठेवा, म्हणजे जुना साठा लवकर पुसला जाणार नाही. ड्रायव्हर बदलला की हा साठा पुन्हा बनतो, म्हणून शनिवारी रात्री ड्रायव्हर नवा करू नका, आणि रविवारच्या सामन्याचे मैदान आधी ठरवून त्यावर सरावाची दोन षटके खेळून घ्या.