घरात राहायला आलेली ओळ : अनुभव लिहा

गेल्या महिन्यात ग्रंथालयात एक बाबा आले. पंचाहत्तरीच्या पुढचे, डोक्याला टोपी, हातात कापडी पिशवी. एका कवितासंग्रहातलं एक पान त्यांना झेरॉक्स करून हवं होतं, तेही मोठं करून. म्हणाले, "हिच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरलाय. मी वाचून दाखवतो, तर म्हणते तुम्ही मधलं कडवं गाळता." आमच्या मशीनवर जेवढं मोठं निघालं तेवढं काढून दिलं. बाबांनी कागद दुमडला नाही, गुंडाळी करून पिशवीत उभी ठेवली.

तेव्हापासून ते डोक्यात आहे. विराण्या, ओव्या, प्रेमाच्या कविता आपण वाचतो, परीक्षेत त्यांचं रसग्रहण लिहितो आणि विसरतो. पण एखादी ओळ कुणाच्या घरात राहायला येते आणि नवराबायकोच्या मधे चाळीस-पन्नास वर्षं मुक्काम करते. ती कशी आली, कुणी आणली, कधी उपयोगी पडली ते लिहा. पुस्तकातलीच हवी असं नाही. दगडावरची चालेल, पत्रातली चालेल. खानदेशातल्यांनी आणि शिवेपलीकडच्या शेजाऱ्यांनी जरूर लिहा, आपल्याकडे हे फार कमी लिहिलं जातं. माणसांची नावं नकोत, गाव पुरे.

(चोपडा)

भुसावळ

रेल्वेत छत्तीस वर्षं काढली, सगळी इथेच. तरी आपल्या गावातल्या जुन्या युरोपियन दफनभूमीत मेजर रॉबर्ट गिलची कबर आहे, हे मला निवृत्तीनंतर कळलं. हा मद्रास लष्करातला चित्रकार. १८४४ साली त्याला अजिंठ्याच्या लेण्यांतल्या चित्रांच्या नकला करायला नेमलं आणि तो इकडचाच होऊन गेला. वर्षानुवर्षं खपून केलेल्या त्या नकलांपैकी बहुतेक १८६६ साली लंडनच्या क्रिस्टल पॅलेसच्या आगीत जळाल्या. १८७९ मध्ये तो वारला. ना. धों. महानोरांनी त्याच्यावर आणि त्याच्या इथल्या प्रेयसीवर, पारोवर, 'अजिंठा' हे दीर्घकाव्य लिहिलं आहे. मुलीने ते आणून दिलं, आणि आम्ही दोघांनी संध्याकाळी ओट्यावर बसून पाळीपाळीने वाचलं.

वाचून झालं तशी ही म्हणाली, आता पारोला बघून येऊ. फर्दापूरवरून घाट चढून वर अजिंठा गावात गेलो. तिथे पारोची कबर आहे. दगडावर इंग्रजीत मोजकीच अक्षरं: माझ्या लाडक्या पारोच्या स्मरणार्थ, मृत्यू २३ मे १८५६. हिला इंग्रजी येत नाही. मी अर्थ सांगितला तर तिने पुन्हा विचारलं, "माझ्या असं लिहिलंय, का नुसतंच लाडक्या?" म्हटलं, माझ्या असंच आहे. मग तिने पदराने अक्षरांतली धूळ पुसली आणि प्रत्येक अक्षरावरून बोट फिरवलं, शाळेत पाटीवर गिरवतात तसं.

गिलची लग्नाची बायको होती, मुलंबाळं होती. हे मी तिला परतताना एसटीत सांगितलं. ती कितीतरी वेळ खिडकीबाहेर बघत होती. घाट उतरल्यावर म्हणाली, "तिचंही वाईट वाटतं हो. पण चारचौघांत दगडावर लिहायचं म्हणजे छाती लागते." मला तिची दोन्ही वाक्यं पटतात. ती कबर वर घाटमाथ्यावर, याची खाली आमच्या गावात, मधे तेवीस वर्षं. हल्ली पावसाळ्यानंतर मी दफनभूमीत जातो तेव्हा ही विळा हातात देते, त्याच्याभोवतीचं गवत काढून ये म्हणते.

जळगाव तालुका

माझ्या सासूबाईंना आम्ही जिजी म्हणायचो. लिहिता-वाचता येत नव्हतं, पण बहिणाबाई तोंडपाठ. जुन्या बायका लावायच्या तसं आधी मेण आणि वर कुंकू, रुपयाएवढं. सासरे गेले त्याच्या तिसऱ्या दिवशी मी जिजींना आंघोळ घातली. पन्नास वर्षांच्या त्या कुंकवाखालची कातडी गोरी निघाली. उन्हाने रापलेल्या कपाळावर गोल, कोवळी, लहान मुलाच्या गालासारखी. मी बघतच राहिले. जिजींनी माझ्या नजरेवरून ओळखलं आणि हळूच म्हटलं:

"लपे करमाची रेखा
माझ्या कुंकवाच्या खाली
पुशीसनी गेलं कुंकू
रेखा उघडी पडली"

तोवर मला ही नुसती नशिबाची कविता वाटत होती. नथुजी चौधरी १९१० मध्ये गेले तेव्हा बहिणाबाई तीस वर्षांच्या होत्या, आणि त्या १९५१ पर्यंत जगल्या. एकेचाळीस वर्षं त्या उघड्या रेखेनिशी शेत केलं, मुलं वाढवली, जात्यावर बसून गाणी रचली. नवऱ्यावर माझा जीव होता असं शब्दांत म्हटलेलं मला त्यांच्या कवितेत भेटलं नाही. पण पुसल्यावर काय उघडं पडतं हे जिने लिहिलं, तिला आणखी काही सांगायचं राहिलं होतं असं मला वाटत नाही. जिजी पुढे नऊ वर्षं होत्या. तो गोरा गोल हळूहळू रापून बाकी कपाळासारखा झाला. त्या दिवसांत त्या आरशासमोर जास्त वेळ थांबायच्या.

धुळे

आमच्या आईला नाव घे म्हटलं तर ती उखाणा म्हणत नाही. नुसतं वडिलांचं नाव घेते आणि पदर तोंडाला लावते. कानबाई देवीच्या सणाला, रोटांना, सगळ्या बायका दरवर्षी तिला मुद्दाम आग्रह करतात. सत्तरी ओलांडली आहे.

चाळीसगाव

मी गणिताचा शिक्षक. आमच्या पाटणादेवीच्या परिसरात भास्कराचार्यांच्या नातवाचा, चांगदेवाचा, १२०७ सालचा शिलालेख सापडला, आजोबांचे ग्रंथ शिकवायला मठ स्थापल्याचा. त्यामुळे आचार्यांचा गणिताचा ग्रंथ 'लीलावती' आम्हाला घरचा वाटतो. त्यातलं भुंग्यांचं गणित मी लग्न ठरल्यावर हिला पत्रात पाठवलं होतं. दुसरं काय लिहावं ते सुचेना.

गणित असं. भुंग्यांचा एक थवा. थव्याच्या निम्म्याचं जे वर्गमूळ, तेवढे भुंगे मालतीवर गेले. थव्याचे आठ-नवमांशही तिकडेच गेले. उरले दोन. त्यातला एक वासाला भुलून संध्याकाळी कमळात शिरला, पाकळ्या मिटल्या आणि रात्रभर आत अडकला. तो आतून गुणगुणतो आणि त्याची भुंगी बाहेरून त्याला ओ देत राहते. शेवटी आचार्य म्हणतात, "ब्रूहि कान्तेऽलिसंख्याम्", प्रिये, सांग बरं भुंगे किती? छत्तीसचं वर्गमूळ सहा, अधिक चौसष्ट, अधिक हे दोन. बहात्तर. विद्यार्थी उत्तर काढून मोकळे होतात. मी त्यांना दर वर्षी विचारतो, बाकीचे सत्तर फुलावर गेले, ही एकटीच मागे का राहिली? हे कुठल्याच पायरीत बसत नाही आणि तिच्याशिवाय गणित सुटत नाही. आचार्यांनी ते मुद्दाम तसं रचलं असणार, माझी पक्की खात्री आहे.

हिने उलट टपाली पोस्टकार्ड पाठवलं. त्यावर फक्त "७२" आणि खाली सही. आजही शाळेत, सभेत मला उशीर झाला की फोन येतो. हॅलो नाही, काही नाही. "बहात्तर?" एवढंच. मी "हो, हो" म्हणतो आणि उठतो.

रावेर

आमच्यापासून बऱ्हाणपूर जवळ. फारुकी सुलतानांच्या खानदेशाची ती राजधानी. ताजमहालाबद्दल सगळे बोलतात, पण मुमताज वारली ती बऱ्हाणपुरात, १७ जून १६३१ ला, चौदाव्या बाळंतपणात. तापीपलीकडे जैनाबादच्या बागेत तिला आधी पुरलं आणि डिसेंबरात आग्र्याला नेलं. बादशहाची दाढी त्या दुःखात पांढरी झाल्याचं दरबारी इतिहासकाराने नोंदवलं आहे. मला संगमरवरापेक्षा ती नोंद खरी वाटते. आणि चौदा हा आकडाही विसरता येत नाही, मी स्वतः दोन बाळंतपणं काढली आहेत.

मुक्ताईनगर

वडील एसटीत ड्रायव्हर, नाइट आउट ठरलेली. आणि भजनी मंडळातही पुढे. ज्ञानोबारायांची विराणी ते फार जीव लावून म्हणायचे, "पैल तो गे काऊ कोकताहे, शकुन गे माये सांगताहे". आई भजनाला बसायची नाही, आत चुलीपाशी असायची. आम्हाला वाटायचं ती ऐकतच नाही.

पण ते ड्यूटीवर असले की ती रोज सकाळी परसाच्या भिंतीवर दहीभाताचा एक घास ठेवायची. कावळा आला की हातातलं काम टाकून दारात उभी. "कावया वरडी ऱ्हायना," कावळा ओरडतोय, असं म्हणून डाळीत एक मूठ वाढवायची. गाडी कधी यायची, कधी ब्रेकडाउन होऊन दुसऱ्या दिवशी. वाढवलेली डाळ मग आम्ही खायचो. मी मोठी झाल्यावर पूर्ण अभंग वाचला तेव्हा दहीभाताची उंडी त्यातच सापडली. कावळ्याचे पाय सोन्याने मढवीन असंही त्यात म्हटलंय. आईकडे सोनं नव्हतं. जे होतं ते तिने ठेवलं. विठ्ठलासाठी लिहिलेलं तिने ड्रायव्हरला लावलं, आणि यात देवाचा अपमान झाला असं मला अजिबात वाटत नाही.

वडील रिटायर होऊन बारा वर्षं झाली. दोघं घरीच असतात. घास अजून ठेवला जातो, आता वडील ठेवतात.

पारोळा तालुका

माझी ओळ लिहिलेलीच नाही, तरी सांगतो.

मी सातवीत होतो. शेजारच्या काकूंचे यजमान सुरतेला लूमवर. काकूंना लिहिता येत नसे, म्हणून निळं अंतर्देशीय पत्र घेऊन त्या माझ्याकडे यायच्या. मजकूर ठरलेला. कपाशीला बोंडं धरली, म्हैस आटली, मामांचा खोकला कमी आहे, पैसे पोचले. मग म्हणायच्या, "आता खाले दोन बोटं जागा सोड." मी म्हणायचो, काकू, अजून चार ओळी मावतील, काहीतरी सांगा. तर त्या म्हणायच्या, "ती जागा मनी शे," माझी आहे. आणि कागदावर दोन बोटं आडवी ठेवून मोजून घ्यायच्या. त्याच्या वर माझी सही, "पत्र लिहिणार" म्हणून.

उत्तर यायचं तेही दुसऱ्याच कुणाच्या तरी अक्षरात. मी मोठ्याने वाचून दाखवायचो. तिथेही शेवटी दोन बोटं कोरी. वाचून झालं की काकू पत्र माझ्या हातातून घ्यायच्या आणि त्या कोऱ्या जागेकडे बघत बसायच्या, माझ्यापेक्षा जास्त वेळ लावून.

काका आता गावातच असतात. मागच्या अखाजीला, अक्षय्य तृतीयेला, गेलो होतो तेव्हा धीर करून विचारलं, काका, त्या जागेत तुम्ही काय वाचायचे? काकू आत घागर भरत होत्या. काका जरा हसले, म्हणाले, "लिखनारा तू व्हता, वाचनारा मी." आणि आत बघून त्यांना चहा टाकायला सांगितलं.