'रिव्हर्ट' म्हणजे पुसणे का?

विश्रामबाग, सांगली: फाइलींतल्या बदलांचा इतिहास ठेवणाऱ्या गिटच्या मराठी पुस्तिकेत 'रिव्हर्ट' या आज्ञेला 'कमिट (म्हणजे जतन केलेली बदलांची नोंद) पुसणे' लिहिलं. तपासणाऱ्यांनी लाल रेघ मारली. 'मागे घेणे' म्हणावं, तर शाखेचं (कमिटच्या साखळीचं) टोक मागच्या कमिटवर नेणाऱ्या 'रीसेट'ला काय उरतं?

खतावणी: लाल रेघ योग्यच आहे. जुनी कमिट जागेवरच राहते, तिचे बदल उलटवणारी नवी कमिट वर चढते. कीर्दीत चुकलेली रक्कम खोडत नाहीत, उलट नोंद घालतात. तोच शब्द घ्या. दोन शाखा जोडणारी मर्ज कमिट असेल तर '-एम १' देऊन मुख्य बाजू सांगावी लागते, नाहीतर गिट नकार देतं.

प्रीतिसंगम: 'रद्द' असताना उलट नोंद कशाला? अरबीत 'रद्द' म्हणजे परत फिरवणं. रिव्हर्टच तो!

खतावणी: मुळात असेल. आज तिकीट रद्द झालं म्हणजे संपलं. वाचणारा व्युत्पत्ती उघडून बसत नाही.

वाईकर: रीसेटला 'उसवणे' म्हणा. त्याच्या सॉफ्ट प्रकारात टाका निघतो, बदल स्टेजवर (पुढच्या कमिटच्या तयारीत) तसेच. मिक्स्डमध्ये स्टेजवरून उतरतात, फाइलीत राहतात.

तासगाव: आणि हार्डमध्ये? तिथं कापडच जातं. कमिट न केलेलं काम रिफ्लॉगही (शाखेचं टोक आधी कुठे होतं त्याची नोंदवही) परत देत नाही. कमिट केलेलं असेल तर रिफ्लॉगमध्ये तिचा हॅश (ओळखक्रमांक) सापडतो, पण शाखेपासून तुटलेल्या कमिटची नोंद मूळ सेटिंगनुसार ३० दिवसच टिकते. 'उसवणे' वाचून कुणी निर्धास्त हार्ड चालवेल.

विश्रामबाग, सांगली: चुकून चढलेल्या पासवर्डच्या फाइलीला मी 'काढून टाका' लिहिलंय.

तासगाव: अपुरं आहे. 'गिट आरएम --कॅश्ड'नं ती फक्त पुढच्या कमिटपासून दिसत नाही. हरिपूरच्या पेवासारखं (हळद साठवायचं जमिनीखालचं कोठार), वर सपाट माती, आत हळद तशीच. आधी पासवर्ड बदला. मग ताज्या क्लोनवर (भांडाराच्या नव्या प्रतीवर) इतिहास नव्यानं लिहिणारं 'फिल्टर-रिपो', '--पाथ'पुढे फाइलीचं नाव आणि '--इन्व्हर्ट-पाथ्स'. हा शेवटचा पर्याय विसरलात तर तेवढी एकच फाइल उरेल, बाकी सगळं जाईल! ते 'ओरिजिन' (मूळ भांडाराचा दुवा) ही काढतं. पुन्हा जोडून फोर्स पुश करा, म्हणजे तिथला जुना इतिहास बदलून नवा चढवा. फाइल आली तिथपासूनचे सगळे हॅश बदलतात, म्हणून इतरांनी नव्यानं क्लोन घ्यायचा. जुन्या क्लोनमधून एकानं मर्ज करून पुश केलं की फाइल परत हजर.

प्रीतिसंगम: याला 'खारीज' म्हणा. खारीज म्हणजेच बाहेर काढलेलं.

खतावणी: अर्ज खारीज झाला तरी दप्तरात राहतो. इथे दप्तरच नव्यानं लिहितोय. 'इतिहास फेरलेखन' सरळ आहे.

वाईकर: पण सगळे 'ती कमिट' का लिहिताय? बदल पुल्लिंगी, म्हणून 'तो कमिट'.

खतावणी: नोंद स्त्रीलिंगी. ती कमिट.

विश्रामबाग, सांगली: आणि रीसेट?

प्रीतिसंगम: आधी अनेकवचन ठरवा. 'कमिटी' लिहिलं तर लोक समिती समजतील.