'सब्रिना' ही चेटकीण पोरीची मालिका दहा वर्षांच्या पोरीला दाखवू का?

विश्रामबागकर: पोरगीला मांजर बोलणारी मालिका बघायचीय. घरात सासूबाई, 'चेटकीण' शब्द ऐकला की मिरच्या उतरवायला उठतात. भीतीदायक आहे का हो?

हळदगल्ली_सांगली: अजिबात नाही ताई. फक्त १९९६ ची विनोदी मालिका लावा, मेलिसा जोन हार्टची. २०१८ ची नवी लावू नका, ती रक्ताबिक्ताची आहे. नाव जवळजवळ तेच, म्हणून घोळ होतो.

जुन्यात सब्रिना सोळाची होते आणि कळतं की बाप जादूवाला, आई साधी माणूस. राहते दोन आत्यांकडे. झेल्डा शास्त्रवाली, शिस्तीची. हिल्डा व्हायोलिन वाजवणारी, मोकळी. मला हिल्डा आवडते, पण पोर सांभाळायला झेल्डाच पाहिजे. मांजर म्हणजे सेलम: जग जिंकायला निघाला म्हणून शंभर वर्षं मांजर व्हायची शिक्षा. बोलताना तो चक्क बाहुला दिसतो, तरी सगळे चांगले टोमणे त्यालाच! आणि कपाटातून दुसऱ्या दुनियेत जायचं. आमच्या घरात तसं कपाट असतं तर गाद्याच निघाल्या असत्या.

कृष्णाकाठ: सात सीझन आहेत. पहिले चार शाळेचे, तेच बघा. कॉलेजात गेल्यावर मजा गेली.

हळदगल्ली_सांगली: गेली नाही हो, कमी झाली. सेलम शेवटपर्यंत आहे की.

विश्रामबागकर: बरं, सासूबाईंना 'मांजराची मालिका' म्हणून सांगते.