टँकरचं गणित आणि चिकित्सक अध्यापनशास्त्र : वर्गातला प्रश्न नेमका कुणाचा?

टाचणवही

जिल्हा परिषदेच्या शाळेत पाचवीला शिकवतो. मागच्या शिक्षण परिषदेत मी माझं एक घटक नियोजन वाचून दाखवलं. एक ज्येष्ठ सहकारी म्हणाले, "हे राजकारण झालं, शिक्षण नव्हे." तेव्हापासून डोक्यात तेच घोळतंय, म्हणून या चर्चागटावर मांडतो.

घटक पाण्याचा. आमच्या गावाला मार्चपासून टँकर असतो. मुलांनी आठवडाभर नोंदी ठेवल्या. १२,००० लिटरचा टँकर, दिवसाला २ खेपा, गावची माणसं १,२००. म्हणजे माणशी २० लिटर. हा भागाकार सगळ्यांना आला. मग वाडीवरची एक मुलगी उठून म्हणाली, "सर, आमच्याकडं रोज येत नाही." वाडीत १४० माणसं, आणि ५,००० लिटरची टाकी तिसऱ्या दिवशी भरते. तिनं फळ्यावर मांडलं तर माणशी १२ लिटरसुद्धा भरेनात. वर्ग गप्प झाला. त्यापुढचं माझ्या टाचणात नव्हतं. खेपा कोण ठरवतं? वाडीची पाळी तिसऱ्या दिवशी कुणी लावली? हे प्रश्न मुलांनीच काढले.

चिकित्सक अध्यापनशास्त्र म्हणतात ते हेच, म्हणजे आपल्या जगण्यातल्या सत्तेच्या व्यवस्थेला प्रश्न विचारत शिकणं, असं मी समजतो. १९६३ साली ब्राझीलमधल्या आंजिकोस गावात तिथले शिक्षणतज्ज्ञ पावलो फ्रेरे यांनी सुमारे ३०० मजुरांसाठी ४० तासांचे साक्षरता वर्ग चालवले. शब्द घेतले ते मजुरांच्या रोजच्या जगण्यातले. 'वीट' हा शब्द घ्यायचा, त्याचे अवयव सोडवून नवे शब्द जुळवायचे, आणि ते करताना वीट कोण भाजतं, घर कुणाचं उभं राहतं यावर बोलायचं. पुढच्याच वर्षी लष्करी उठाव झाला. फ्रेरे आधी तुरुंगात गेले, मग देशाबाहेर.

आपल्याकडे २००५ च्या राष्ट्रीय अभ्यासक्रम आराखड्यात या विचारावर स्वतंत्र टिपण आहे. त्यातूनच सहावी ते आठवीच्या एनसीईआरटी पुस्तकांतलं जुनं नागरिकशास्त्र गेलं आणि सामाजिक व राजकीय जीवन हा विषय आला. लहानग्या बाबासाहेबांना प्रवासात सोसावी लागलेली अस्पृश्यता त्यात मुलं वाचू लागली. पण आमच्या नियोजनाचा तक्ता तसाच राहिला : घटक, उपघटक, तासिका, अध्ययन निष्पत्ती, साधनं. मुलांच्या प्रश्नांसाठी त्यात रकानाच नाही. तो हवा, आणि गणिताच्या नियोजनातही हवा, असं माझं ठाम मत आहे.

पाटीपेन्सिल

सर, तुमचा तास मनापासून आवडला. तरी विरोधात लिहिते.

मी २२ वर्षं पहिली-दुसरीला शिकवतेय. ग्रामीण मुलांचं वाचन-गणित तपासणाऱ्या असर सर्वेक्षणाच्या २०२२ च्या अहवालात ग्रामीण भारतातल्या पाचवीच्या मुलांपैकी ४२.८ टक्के मुलंच दुसरीचा उतारा वाचू शकत होती. निम्म्याहून जास्त मुलं पाठ्यपुस्तकाच्या दारातच उभी आहेत. त्यांच्यापुढे आराखड्यातली मोठमोठी तत्त्वं ठेवून काय साधणार?

माझे आईवडील शेतमजूर. मला तलाठ्याला अर्ज लिहिता आला, तो चर्चेतून नाही. बाईंनी वीस वेळा लिहून घेतला म्हणून. मायना, विषय, संदर्भ, 'आपली विश्वासू', सगळं घोटून घेतलं. शिकलेल्या घरातल्या मुलाला हे जेवता-जेवता कळतं, आम्हाला शाळेशिवाय ठिकाण नव्हतं. अमेरिकेत लिसा डेल्पिट या कृष्णवर्णीय शिक्षणतज्ज्ञ बाईंनी नेमकं हेच मांडलं : सत्ता ज्या भाषेत आणि ज्या रीतींनी चालते, त्या रीती वंचितांच्या मुलांना उघडपणे, नेमकेपणानं शिकवाव्या लागतात. पुरोगामी शिक्षकांना ते जुनाट वाटतं आणि तोटा त्या मुलांचा होतो.

दुसरं, आपल्याकडे लाट येते. २०१५ नंतर ज्ञानरचनावादाची आली. साताऱ्याचं कुमठे बीट, म्हणजे तिथल्या शाळांचा गट, बघायला राज्यभरातून शिक्षक गेले. तिथल्या शिक्षकांनी मेहनत केली होती, त्याबद्दल आदरच आहे. पण बाकी ठिकाणी काय पोचलं? फरशीवर रंगवलेले तक्ते. मूल ज्ञान कसं रचतं हा विचार रस्त्यातच राहिला. उद्या तुमचा रकाना आला, तर सगळ्या शाळांत एकसारखे 'मुलांचे प्रश्न' छापील येतील. केंद्रप्रमुख तपासतील, सही करतील.

नारळीबाग

पाटीपेन्सिल ताईंच्या पुढे जाऊन एक गोष्ट. हा प्रयोग एका अख्ख्या राज्यानं केलाय. केरळच्या २००७ च्या अभ्यासक्रम आराखड्यात चिकित्सक अध्यापनशास्त्र थेट पायाशी होतं. समाजापुढचे प्रश्न घ्यायचे आणि त्यांच्याभोवती धडे बांधायचे, अशी आखणी. २००८ मध्ये सातवीच्या समाजशास्त्राच्या पुस्तकात जीवन नावाच्या मुलाचा शाळाप्रवेश होता. आईवडील वेगळ्या धर्मांचे. मुख्याध्यापक मुलाचा धर्म विचारतात आणि ते म्हणतात, धर्म नाही असं लिहा, मोठा झाल्यावर त्याचं तो ठरवेल. त्यावर राज्यभर आंदोलन पेटलं, पुस्तकं जाळली गेली. मलप्पुरम जिल्ह्यात आंदोलनाच्या वेळी झालेल्या मारहाणीनंतर एका मुख्याध्यापकांचा मृत्यू झाला. शेवटी समिती नेमून धड्यात बदल करावे लागले.

धडा चांगला होता की वाईट हे सोडून देऊ. माझा मुद्दा असा की तिथे प्रश्न मुलांनी विचारलेलाच नव्हता. तो वर बसलेल्यांनी ठरवून पुस्तकात छापला. उत्तरही जवळजवळ ठरलेलं. ठरलेल्या उत्तराकडे मुलांना चालवत नेणं याला चिकित्सा म्हणायचं का? मी पालक म्हणून विचारतोय. आज माझ्या मताचा शिक्षक असेल, उद्या उलट्या मताचा येईल आणि तोही म्हणेल की मी मुलांना प्रश्न विचारायला शिकवतोय.

काळीशार

नारळीबाग, तुमचा आक्षेप खरा आहे, पण तो चिकित्सक अध्यापनाच्या बाजूनं जातो. फ्रेरे ज्याला बँकेत ठेव ठेवल्यासारखं शिक्षण म्हणायचे, म्हणजे मुलांच्या डोक्यात तयार मजकूर नुसता भरणं, ते क्रांतिकारी मजकूर भरूनही करता येतं.

मला २०१२ आठवतं. एनसीईआरटीच्या अकरावीच्या राज्यशास्त्राच्या पुस्तकातलं व्यंगचित्रकार शंकर यांचं १९४९ चं व्यंगचित्र : संविधानाची गोगलगाय, तिच्यावर बाबासाहेब, मागे चाबूक घेतलेले नेहरू. संसदेत गदारोळ झाला. योगेंद्र यादव आणि सुहास पळशीकर यांनी सल्लागारपद सोडलं, पुण्यात पळशीकरांच्या विद्यापीठातल्या कार्यालयाची मोडतोड झाली. मोडतोडीचा निषेध मी तेव्हाही केला, आजही करतो. पण मी दलित घरातला आहे आणि ते चित्र बघून मला त्रास झाला, हेही लिहितो. चित्र निवडणाऱ्यांच्या हेतूबद्दल मला शंका नाही. तरी वर्गात एकटंदुकटं बसलेलं आमचं मूल आजूबाजूच्या हसण्यात ते चित्र कसं बघेल, हे नियोजनाच्या टेबलावर कुणी विचारलं होतं का? चित्राची चिकित्सा वर्गात व्हायला हवी होती आणि ती करणाऱ्या शिक्षकाची तयारी आधी करून घ्यायला हवी होती. आपण दोन्ही केलं नाही. पुस्तकापासून सुरुवात केली आणि पुस्तकावरच भांडलो.

पाटीपेन्सिल

काळीशार दादा, हे मान्य. पण मग महात्मा फुल्यांनी १८८२ मध्ये इंग्रज सरकारच्या हंटर शिक्षण आयोगापुढे काय मागितलं ते बघा. बारा वर्षांपर्यंत सक्तीचं प्राथमिक शिक्षण. मोडी आणि बालबोध वाचणं-लिहिणं, हिशेब, इतिहास-भूगोल-व्याकरणाची तोंडओळख, शेतीचं प्राथमिक ज्ञान, नीती आणि आरोग्याचे थोडे धडे. ज्यांनी आयुष्यभर व्यवस्थेला प्रश्न विचारले, त्यांनी गरिबाच्या पोरासाठी मागितलेला अभ्यासक्रम हा असा आहे. साधा, कामाचा.

काळीशार

त्याच निवेदनात ते शिक्षक कसा हवा तेही सांगतात. शेतकरी वर्गातला, मुलांत मिसळणारा, वेळ पडली तर नांगराची मूठ किंवा सुताराची वाकस धरायला न लाजणारा. कोण शिकवतं हा प्रश्न त्यांनी अभ्यासक्रमाइतकाच महत्त्वाचा मानला होता.

आणि ताई, मुक्ताबाई साळवे. फुल्यांच्या शाळेतली मातंग मुलगी, वय चौदा, शाळा झालेली जेमतेम तीन वर्षं. मांग-महारांच्या दुःखाविषयीचा तिचा निबंध १८५५ मध्ये ज्ञानोदय या नियतकालिकात छापून आला. वेद जर ब्राह्मणांचेच, तर आमचा धर्मग्रंथ कोणता, असं ती त्यात थेट विचारते. तिला आधी बारा वर्षं शुद्धलेखन, मग प्रश्न, असं कुणी सांगितलं नाही. निबंध लिहिण्याचं कसब आणि तो प्रश्न एकाच तीन वर्षांत आले.

पाटीपेन्सिल

हे वाचून थांबले थोडी. मुक्ताबाईंचा निबंध मी मुलींना वाचून दाखवलाय, पण त्या तीन वर्षांचा विचार कधी केला नव्हता. तरी मी म्हणेन, निबंधाच्या मागे कुणीतरी घोटून घेतलेलं वाचन-लेखन आहे. ते आपल्याला दिसत नाही, म्हणून ते नव्हतं असं समजू नका.

टाचणवही

ताई, तुम्ही म्हणता त्याचा पुरावा माझ्याच वर्गात मिळाला, तो लपवत नाही. टँकरच्या तासानंतर मुलं म्हणाली, ग्रामसेवकांना अर्ज देऊ. वर्गात २३ मुलं. मदतीशिवाय अर्ज लिहू शकली फक्त ४. वाडीच्या त्या मुलीला भागाकार येतो, प्रश्न सुचतो, पण तिचं वाक्य कागदावर अर्धंच उतरलं. ती कागद चुरगाळून दप्तरात ठेवताना मी पाहिलं. मला झोप आली नाही त्या रात्री.

त्यामुळे नियोजन बदललं. भाषेच्या घटकातलं पत्रलेखन दिवाळीनंतर होतं, ते टँकरच्या आठवड्याला जोडलं. पण रकान्याची मागणी मी सोडत नाही. तो अर्ज लिहावासा वाटला म्हणून मुलं सलग आठ दिवस लिहीत बसली. 'सहलीस परवानगी मिळणेबाबत' या स्वाध्यायावर ती कधीच एवढी बसली नव्हती.

नारळीबाग

सर, एक विचारतो. त्या खेपा ठरवणाऱ्यांचं मूलही तुमच्या वर्गात असेल. त्याचं काय झालं त्या दिवशी?

टाचणवही

आहे. पहिल्या बाकावर बसतो. त्या दिवशी तो मधल्या सुट्टीत कुणाशी बोलला नाही. दुसऱ्या दिवशी घरून विचारून आला की वाडीचा रस्ता कच्चा आहे, भरलेला टँकर चढावर थांबतो, म्हणून तिसरा दिवस. वर्गानं तेही फळ्यावर लिहिलं. मग वाडीचीच दोन मुलं म्हणाली, पण ऊस भरलेला ट्रॅक्टर तर चढतो. हे मी आधी नियोजनात बसवू शकलो नसतो. पण असं काही होईल आणि त्या मुलालाही सांभाळावं लागेल, एवढं तरी मी लिहून ठेवायला हवं होतं.

पाटीपेन्सिल

अर्जाचा मसुदा इथे टाका सर, मुलांची नावं काढून. मायना आणि विषय मी बघून देते. रकान्याला माझा विरोध कायम आहे.