व्हॅलोरंट, बीजीएमआय खेळताना मित्रांचा आवाज फक्त मित्रांपुरता कसा ठेवायचा?

चौकट_राजा (प्रश्न)

आम्ही सहा जण आहोत. तिघे पीसीवर व्हॅलोरंट खेळतात, दोघे फोनवर बीजीएमआय (बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया), आणि सहावा जर्मनीत असतो, तो नुसता गप्पांना येतो. सगळ्यांसाठी बोलायची एकच जागा हवी म्हणून डिस्कॉर्डचा सर्व्हर केला आहे. अडचणी अशा:

व्हॅलोरंटच्या कॉम्पिटिटिव्हमध्ये (रँक ठरवणाऱ्या सामन्यांत) आम्ही तिघे आणि दोन अनोळखी असतात. त्या दोघांशी बोलावं लागतं, पण आमच्या आपसातल्या गप्पा त्यांच्यापर्यंत जायला नकोत. टीमची की दाबली की आमच्या मित्रांना एकच वाक्य दोनदा ऐकू येतं.

फोनवर डिस्कॉर्डचा कॉल चालू ठेवून बीजीएमआय उघडलं की समोरच्यांना आपला आवाज जायचा थांबतो.

ब्लूटूथ इयरबड लावून माईक चालू केला की गेमचा आवाज एकदम दबका, जुन्या टेलिफोनसारखा होतो.

शिवाय सर्व्हरची लिंक कुठून कुठे फिरते कळत नाही, अनोळखी मंडळी चॅनेलमध्ये येऊन बसतात. क्रमाने कोणती सेटिंग बदलायची ते सांगाल का?

निळा_दिवा

आधी एक गोष्ट पक्की करा: मित्रांचा आवाज डिस्कॉर्डवरून, अनोळखी टीममेटचा गेममधून. प्रत्येकासाठी एकच वाट. तुमच्या पहिल्या अडचणीचं मूळ हेच आहे की मित्रांना तुमचा आवाज दोन वाटांनी पोहोचतोय.

व्हॅलोरंटमध्ये पार्टी व्हॉइस (फक्त आपल्या गटातल्या मित्रांसाठी) आणि टीम व्हॉइस (संघातल्या सगळ्यांसाठी) वेगळे असतात. मूळ सेटिंगमध्ये पार्टीची की 'यू' आणि टीमची 'व्ही'. तिघेच खेळत असाल तर पार्टी व्हॉइस पुरेसा आहे, पण फोनवाले आणि जर्मनीतला मित्र त्यात येऊ शकत नाहीत. त्यामुळे ऑडिओ, मग व्हॉइस चॅट इथे जाऊन पार्टी आणि टीम दोन्ही 'पुश टू टॉक'वर (की दाबलेली असेपर्यंतच माईक चालू) ठेवा. 'ऑटोमॅटिक' कुठेही राहू देऊ नका. 'यू' दाबायचीच नाही, 'व्ही' फक्त त्या दोन अनोळखी खेळाडूंसाठी.

आता दोनदा ऐकू येण्याचं. तुम्ही 'व्ही' दाबता तेव्हा डिस्कॉर्डचा माईकही उघडाच असतो. मित्र टीममध्येही आहेत आणि कॉलवरही, म्हणून तेच वाक्य त्यांना थोड्या अंतराने परत ऐकू येतं. यावर दोन उपाय आहेत, त्यातला एकच करा.

एक: डिस्कॉर्डच्या यूजर सेटिंगमध्ये 'कीबाइंड्स' आहे. तिथे नवीन कीबाइंड घेऊन क्रिया 'पुश टू म्यूट' निवडा आणि की तीच, 'व्ही'. डिस्कॉर्ड ती की अडवत नाही, गेमलाही ती मिळते. म्हणजे 'व्ही' दाबलेली असेपर्यंत डिस्कॉर्डचा माईक बंद आणि टीमचा चालू; सोडली की उलट. मित्रांना ते वाक्य टीम व्हॉइसमधून एकदाच ऐकू येतं. जर्मनीतल्या मित्राला 'बी साइटवर दोघे' असल्या गेममधल्या सूचना ऐकत बसावं लागत नाही, हा जास्तीचा फायदा.

दोन: सामन्यातल्या खेळाडूंच्या यादीतून मित्रांनी एकमेकांचा टीम व्हॉइस म्यूट करायचा. हे दर सामन्याला आठवणीने करावं लागतं, म्हणून मला पहिलाच उपाय बरा वाटतो. दोन्ही एकदम केलेत तर 'व्ही' दाबल्यावर मित्रांना काहीच ऐकू जाणार नाही.

एक खाचखळगा इथे नेहमी येतो. डिस्कॉर्डमध्ये ठरवलेली की डेस्कटॉपवर चालते आणि गेम समोर आला की चालत नाही, असं दिसलं तर गेम 'रन अ‍ॅज अ‍ॅडमिनिस्ट्रेटर'ने सुरू आहे का बघा. वरच्या अधिकाराने चाललेल्या खिडकीतली बटणं खालच्या अधिकाराच्या प्रोग्रामला दिसू नयेत अशी विंडोजची रचनाच आहे. एक तर गेम साध्या अधिकाराने चालवा, नाही तर डिस्कॉर्डही अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून. ब्राउझरमधल्या डिस्कॉर्डला तर टॅब समोर नसताना की कळतच नाही, तेव्हा पीसीवर अ‍ॅपच टाका.

चौथा पीसीवाला मित्र आला तर लक्षात ठेवा, कॉम्पिटिटिव्हमध्ये चौघांची पार्टी चालत नाही. पाचव्या एकट्याला त्रास होऊ नये म्हणून तो नियम आहे. तीन किंवा पाच.

आणि गेममधला टीम व्हॉइस खासगी समजू नका. व्हॅलोरंट बनवणाऱ्या रायट कंपनीने २०२१ मध्ये धोरण बदलून, तक्रार आल्यास तिथला आवाज तपासता येईल अशी तरतूद केली आहे.

कुलूपकिल्ली

लिंक आणि अनोळखी मंडळींबद्दल. बहुतेक जण पासवर्ड शोधत बसतात. डिस्कॉर्डच्या चॅनेलला पासवर्ड नसतो, तिथे सगळं 'रोल'वर चालतं, म्हणजे सदस्यांना दिलेल्या आणि परवानग्या जोडलेल्या भूमिकांवर.

सर्व्हर सेटिंगमध्ये एक रोल करा, समजा 'कट्टा'. तो फक्त सहा जणांना द्या. मग एक कॅटेगरी तयार करताना 'प्रायव्हेट' चालू करा आणि त्यात 'कट्टा' रोल जोडा. व्हॉइस चॅनेल या कॅटेगरीतच ठेवा, म्हणजे परवानग्या आपोआप लागू होतात. नंतर चॅनेलच्या परवानग्या हाताने बदलल्या तर कॅटेगरीशी असलेला मेळ तुटतो. तसं झालं की डिस्कॉर्ड 'सिंक नाऊ' असा पर्याय दाखवतं.

'एव्हरीवन'साठी (सर्व्हरमधल्या प्रत्येकाला आपोआप लागणारा रोल) 'व्ह्यू चॅनेल' आणि 'कनेक्ट' दोन्हीवर लाल फुली हवी. नुसतं 'कनेक्ट' बंद केलंत तर बाहेरच्याला आत येता येत नाही, पण आत कोण बसलंय ते दिसत राहतं. पुष्कळ सर्व्हरवर एवढंच राहून गेलेलं असतं.

'अ‍ॅडमिनिस्ट्रेटर' परवानगी कोणालाही सहज देऊ नका. ती असली की बाकीच्या सगळ्या फुल्या निकामी. चॅनेलची मर्यादा पाच किंवा सहा ठेवता येते, पण 'मूव्ह मेंबर्स' परवानगी असलेला माणूस भरलेल्या चॅनेलमध्येही येऊ शकतो.

आता जुन्या लिंका. सर्व्हर सेटिंगमध्ये 'इन्व्हाइट्स' उघडा, जेवढ्या जिवंत असतील तेवढ्या सगळ्या रद्द करा. मग 'एव्हरीवन'कडून 'क्रिएट इन्व्हाइट' परवानगी काढा. नवी लिंक बनवताना मुदत ३० मिनिटं आणि वापर १ एवढाच ठेवा. एखादा पाहुणा एका संध्याकाळपुरता हवा असेल तर 'टेम्पररी मेंबरशिप' चालू करा. रोल दिला नसेल तर तो डिस्कॉर्डमधून बाहेर पडताच सर्व्हरमधूनही आपोआप निघतो. पाहुण्यासाठी खासगी कॅटेगरीबाहेर एक वेगळा चॅनेल ठेवा आणि तुम्हीच तिकडे जा. त्याला आत घेण्यापेक्षा हे सोपं पडतं.

सहाच जण असाल तर सर्व्हरऐवजी ग्रुप डीएमही (गटाची थेट गप्पांची खोली) चालेल, त्यात १० जणांपर्यंत मावतात आणि सार्वजनिक लिंकची भानगड कमी. पण तिथे रोल नाहीत आणि दोन वेगळे चॅनेल करता येत नाहीत. पीसीवाले आणि फोनवाले वेगळे गेम खेळत असताना दोन चॅनेल लागतातच.

फोनगडी

फोनचं कारण सरळ आहे. अँड्रॉइडवर दोन साधी अ‍ॅप एकाच वेळी माईक ऐकू शकत नाहीत. दोन्ही माईक मागत असतील तर ज्याची खिडकी समोर आहे त्याला आवाज मिळतो, दुसऱ्याला नुसती शांतता. डिस्कॉर्डमध्ये माईक चालू दिसतो आणि पलीकडे काही जात नाही, ते यामुळे.

म्हणून बीजीएमआयचा माईक पूर्ण सोडवायचा. सामन्यात नकाशाजवळ स्पीकर आणि माईक अशी दोन चिन्हं असतात. माईक 'ऑफ' करा. नुसतं 'टीम'वर ठेवून गप्प राहणं पुरत नाही, कारण माईक अडकलेलाच राहतो. स्पीकर 'टीम'वर ठेवलात तर अनोळखी टीममेटचं ऐकू येत राहील, त्यांना उत्तर क्विक मेसेजनं द्या. फोनवर दोन्हीकडे बोलण्याची सोय नाही हे धरूनच चला.

क्रमही महत्त्वाचा. आधी गेम उघडून लॉबीत त्याचा माईक बंद करा, मग डिस्कॉर्डच्या चॅनेलमध्ये जा, मग परत गेममध्ये. उलट क्रमाने गेलात आणि आवाज थांबला तर चॅनेलमधून बाहेर पडून पुन्हा जोडा.

दहा-पंधरा मिनिटांनी कॉल आपोआप तुटत असेल तर ते बॅटरीचं काम. फोनच्या सेटिंगमध्ये अ‍ॅप्स, डिस्कॉर्ड, बॅटरी इथे 'अनरिस्ट्रिक्टेड' निवडा. काही फोनमध्ये 'ऑटो स्टार्ट' वेगळं असतं, तेही चालू करा. गेम मोड किंवा गेम बूस्टर मागची अ‍ॅप बंद करतो, त्याच्या यादीतून डिस्कॉर्ड वगळा.

कॉल सुरू झाला की पुष्कळ फोनवर आवाजाच्या दोन पट्ट्या होतात, एक कॉलची, एक मीडियाची. पावलांचा आवाज दबला तर आधी मीडियाची पट्टी बघा.

डेटाची काळजी करू नका. डिस्कॉर्डचा मूळ दर ६४ केबीपीएस आहे, म्हणजे एक माणूस अखंड तासभर बोलला तर साधारण २९ एमबी. गप्प असताना जवळजवळ काही जात नाही. रेंज कमी असलेल्या गावात बसलेला कोणी असेल तर चॅनेलचा बिटरेट (हाच दर) ३२ वर आणा, बोलणं तरीही स्वच्छ कळतं.

तारवाला

ब्लूटूथबद्दल: इयरबड खराब नाहीत. नेहमीच्या ब्लूटूथमध्ये चांगला स्टिरिओ आवाज एका प्रोफाइलवर येतो आणि त्यात माईक नसतो. माईक उघडला की इयरबड हँड्स-फ्री प्रोफाइलवर जातात; तो फोनवर बोलण्यासाठी आहे. आवाज एका कानाचा आणि ८ किंवा १६ किलोहर्ट्झच्या नमुन्यांचा होतो. पावलं डावीकडून की उजवीकडून हे कळणंच बंद.

उपाय: इयरबड फक्त ऐकायला, माईक दुसरा. लॅपटॉपचा असेल तो, नाही तर साधा यूएसबी किंवा कॉलरचा माईक. इथे चूक अशी होते की डिस्कॉर्डमध्ये माईक बदलतात आणि व्हॅलोरंटमध्ये 'डीफॉल्ट' तसाच ठेवतात. एकाही प्रोग्रामने इयरबडचा माईक उघडला की सगळा आवाज खाली येतो. तेव्हा विंडोजच्या साउंड सेटिंगमध्ये, डिस्कॉर्डमध्ये आणि गेममध्ये, तिन्हीकडे इनपुट दुसरं निवडा.

तरीही शूटिंग गेमसाठी तारेचा हेडसेटच घ्या असं मी आग्रहाने सांगेन. ब्लूटूथला होणारा उशीर पावलांच्या आवाजात जाणवतो. घेताना प्लग बघा: फोनचा हेडसेट एकाच पिनेवर येतो, त्यावर तीन काळे कडे असतात. पीसीला मागे हेडफोन आणि माईक अशी दोन वेगळी भोकं असतील तर एकाचे दोन करणारा स्प्लिटर लागतो. दोनच कडे असलेल्या पिनेत माईक नसतोच, मग सेटिंग कितीही बदला.

गेमचा आवाज कोणी बोललं की आपोआप खाली जात असेल तर दोन ठिकाणं तपासा. विंडोजच्या जुन्या साउंड खिडकीत 'कम्युनिकेशन्स' टॅब आहे, तिथे 'डू नथिंग' निवडा. मुळात तिथे बाकीचे आवाज ८० टक्के कमी करण्याचा पर्याय असतो. दुसरं, डिस्कॉर्डमधलं 'अटेन्युएशन' शून्यावर आणा.

पंखा आणि कुकरच्या शिट्ट्यांसाठी डिस्कॉर्डमधलं क्रिस्प (मागचा गोंगाट गाळणारी सोय) चालू ठेवा. पण ग्राफिक कार्डाचं किंवा हेडसेटच्या अ‍ॅपचं आवाज गाळणं त्याच वेळी चालू नको. दोन गाळण्या एकावर एक लागल्या की शब्दांची शेवटची अक्षरं गिळली जातात. 'पुश टू टॉक'मध्ये वाक्याचं शेपूट तुटत असेल तर 'रिलीज डिले' २०० मिलिसेकंदांच्या आसपास न्या.

चौकट_राजा

'व्ही'ला पुश टू म्यूट लावलं, दोनदा येणं थांबलं. इयरबडचंही जमलं, व्हॅलोरंटमधला माईक बदलायचा राहिला होता. आता एकच: एक मित्र हॉस्टेलच्या वायफायवर आहे, त्याला चॅनेलमध्ये 'नो रूट' येतं. मोबाइल डेटावर लगेच जोडलं जातं. आणि डिस्कॉर्डवरचं बोलणं खरंच खासगी आहे का?

निळा_दिवा

डेटावर चालतं म्हणजे हॉस्टेलच्या फायरवॉलने यूडीपी (आवाजाचा डेटा ज्या पद्धतीने जातो ती) अडवलंय. मजकूर जातो आणि आवाज जात नाही, हे त्याचंच लक्षण. आधी डिस्कॉर्डमध्ये 'क्वालिटी ऑफ सर्व्हिस' बंद करून बघा, ते डेटाला प्राधान्याची खूण लावतं, काही राउटरना ती चालत नाही. नाही झालं तर नेटवर्क सांभाळणाऱ्यांना यूडीपी खुलं करायला सांगावं लागेल. व्हीपीएन वापरायचाच तर यूडीपी नेणारा हवा. सोपी वाट म्हणजे गेम वायफायवर आणि डिस्कॉर्ड फोनवर डेटाने, हेडसेटचा माईक फोनला.

चॅनेलच्या सेटिंगमध्ये 'रीजन ओव्हरराइड' (आवाज कुठल्या भागातल्या सर्व्हरवरून जाईल ते) 'इंडिया' करून ठेवा. पाच जण इथे आहेत, जर्मनीतल्या मित्राला थोडा उशीर लागला तरी तो गेममध्ये नाही.

खासगीपणाचं: सप्टेंबर २०२४ मध्ये डिस्कॉर्डने आवाज आणि व्हिडिओसाठी 'डेव्ह' नावाचं एंड-टू-एंड एन्क्रिप्शन आणलं. सगळ्यांची अ‍ॅप अद्ययावत ठेवा. लेखी संदेशांना ते लागू नाही, तेव्हा पासवर्ड किंवा ओटीपी चॅनेलच्या चॅटमध्ये टाकू नका. आणि आत बसलेला माणूस रेकॉर्ड करू शकतो, त्याला कुठलंच एन्क्रिप्शन अडवत नाही. म्हणून वरची रोलची यादी नीट ठेवा.

स्वतःचा_सर्व्हर

कोणाला सगळं आपल्याच हातात हवं असेल तर मंबल हे स्वतःच्या सर्व्हरवर चालणारं व्हॉइस चॅट बघा. मुक्त स्रोत, हलकं, आणि उशीर फार कमी. मुंबईतला सगळ्यात छोटा व्हीपीएस (भाड्याने मिळणारा सर्व्हर) सहा जणांना पुरून उरतो. ६४७३८ हा पोर्ट टीसीपी आणि यूडीपी दोन्हीसाठी उघडा. फक्त टीसीपी उघडलात तरी जोडणी होते पण आवाज अडखळतो, आणि लोक मग मंबललाच दोष देतात. सर्व्हरला पासवर्ड ठेवा.

घरच्या पीसीवर चालवायचा विचार असेल तर आधी राउटरवर दिसणारा वॅन पत्ता आणि बाहेरून दिसणारा आयपी पत्ता जुळतो का बघा. जुळत नसेल तर तुमची जोडणी सीजीएनॅटमागे (कंपनी अनेक ग्राहकांना एकच बाहेरचा पत्ता देते ती व्यवस्था) आहे, पोर्ट फॉरवर्ड करून काही होणार नाही.

माइनक्राफ्ट खेळत असाल तर 'सिंपल व्हॉइस चॅट' मॉड (गेमला जोडायची भर) वेगळा टाका, त्याचा पोर्ट २४४५४ यूडीपी. त्यात पासवर्ड लावून गट करता येतो. गटाचा प्रकार 'आयसोलेटेड' निवडलात तर जवळून जाणाऱ्या खेळाडूला तुमचं ऐकू येत नाही, तुम्हालाही त्याचं नाही. 'नॉर्मल'मध्ये तुम्हाला त्याचं ऐकू येतं, त्याला तुमचं नाही. मागून कोणी येतंय का हे कळायला हवं असेल तर 'नॉर्मल'च ठेवा.