घोडा, शेजार आणि घर: गावाकडच्या कादंबऱ्या सुचवा

पिंपळपार:
वाचनगटासाठी पुढच्या सहा महिन्यांची यादी करायची आहे. सात वाचक, महिन्याला एक पुस्तक, साधारण तीनशे पानांपर्यंत. मराठी आणि इंग्रजी दोन्ही चालेल. विषय ठरला आहे: गावात किंवा शेतवस्तीवर राहणारी कुटुंबं, त्यांचा शेजार आणि त्यात घोडा. घोडा नुसता मुखपृष्ठावर नको. त्याला चारा लागतो, तो आजारी पडतो, तो कुणाच्या तरी मालकीचा असतो आणि त्याच्यावरून माणसांची नाती जुळतात किंवा तुटतात, असं काही हवं. शर्यतीच्या मैदानावरच्या आणि लढायांच्या कादंबऱ्या वगळा. कोणती आवृत्ती घ्यावी, वाचताना कुठे अडखळायला होतं, तेही लिहा.

रिकीब:
तुमचं वर्णन वाचून एकच नाव समोर येतं: मॉली ग्लॉस यांची 'द हार्ट्स ऑफ हॉर्सेस', 2007. काळ 1917 चा हिवाळा, जागा अमेरिकेतल्या ऑरेगन राज्याचा पूर्व भाग. तरणी माणसं युद्धावर गेली आहेत, आणि मार्था लेसन नावाची एकोणीस वर्षांची मुलगी घोडे शिकवायचं काम मागत वस्तीवर येते. आपल्याकडे ज्याला चाबुकस्वार म्हणत, तेच काम. फक्त ती चाबूक चालवत नाही.

तेव्हाची रूढ पद्धत अशी होती: घोड्याचे डोळे बांधायचे, खोगीर आवळायचं, वर बसायचं आणि तो उड्या मारून दमेपर्यंत उतरायचं नाही. काम दोन-तीन दिवसांत उरकतं, पण घोडा माणसाला कायमचा बुजतो, पोटपट्टा आवळताना दर वेळी अंग चोरतो. मार्था आधी हात, मग कापड, मग खोगीर अशा पायऱ्यांनी जाते. तिच्या पद्धतीला वेळ लागतो, आणि तो वेळ परवडावा म्हणून ती जी युक्ती काढते तिच्यावर सबंध कादंबरी उभी आहे.

ती युक्ती नीट समजून घ्या, नाहीतर निम्मं पुस्तक हातातून निसटतं. समजा वस्त्या सात आणि प्रत्येक वस्तीवर एक शिकाऊ घोडा. सकाळी पहिल्या वस्तीवरच्या घोड्यावर खोगीर घालून ती दुसऱ्या वस्तीवर जाते. तो घोडा तिथेच ठेवते, तिथला घेते आणि तिसऱ्या वस्तीकडे निघते. असं करत सातव्या वस्तीवरचा घोडा घेऊन पहिल्या वस्तीवर परत. संध्याकाळपर्यंत प्रत्येक घोड्याची एक टप्पा रपेट झालेली असते आणि प्रत्येक घोडा एक वस्ती पुढे सरकलेला असतो. सात दिवसांनी सगळे आपापल्या घरी. कादंबरीत घोडे याहून जास्त आहेत, पण तत्त्व हेच. घोड्याला रोज नवं आवार, नवा वास, नवी कुत्री, नवी माणसं. त्यामुळे तो ओळखीच्या कुंपणापुरता शहाणा होत नाही, कुठेही शांत राहायला शिकतो.

आता याचा दुसरा अर्थ बघा. प्रत्येक घराला रोज शेजाऱ्याचा घोडा सांभाळावा लागतो. 400 किलो वजनाच्या घोड्याला दिवसाला साधारण 8 किलो कोरडा चारा लागतो, म्हणजे तीन महिन्यांत सात क्विंटलच्या वर. एका घराने हात आखडता घेतला की झळ दुसऱ्याच्या जनावराला बसते. कुणाच्या घरी दारू आहे, कुणाच्या घरी कॅन्सर आहे, जर्मन आडनावाच्या घराकडे गाव कोणत्या नजरेनं बघतं, हे सगळं मार्थाला त्या फेरीत दिसत जातं. आपल्याकडची सावड किंवा इर्जिक, म्हणजे शेजाऱ्यांनी एकमेकांच्या शेतात मिळून राबणं, ज्याला माहीत आहे त्याला हे पुस्तक पटकन उमगेल.

अडचण एकच. पहिल्या साठेक पानांत कुटुंबांची नावं भराभर येतात. एका कागदावर गोल काढून कोणती वस्ती कुठे, कोण कुणाचं, हे लिहीत जा.

खरारा:
रिकीब यांच्या निवडीला पूर्ण अनुमोदन. माझ्याकडून जॉन स्टाइनबेक यांची 'द रेड पोनी'. शंभरेक पानांची आहे. कॅलिफोर्नियातल्या सॅलिनास खोऱ्याजवळची शेतवस्ती, दहा वर्षांचा जोडी, त्याचे आईबाप आणि घोड्यांचं सगळं जाणणारा गडी बिली बक.

आवृत्ती बघून घ्या. 1937 साली हे पुस्तक आलं तेव्हा त्यात तीन भाग होते, आजोबांचा चौथा भाग 1945 च्या आवृत्तीत आला. अनुक्रमणिकेत चार नावं दिसली पाहिजेत.

वाचताना बिली बकच्या शब्दांवर लक्ष ठेवा. पाऊस येणार नाही असं तो जोडीला सांगतो, पाऊस येतो, शिंगरू भिजतं आणि आजारी पडतं. तो आजार म्हणजे जबड्याखालच्या गाठी पिकून फुगण्याचा, इंग्रजीत स्ट्रँगल्स. गाठी इतक्या वाढतात की श्वास कोंडतो. बिली आधी गाठ फोडतो, मग श्वासनलिकेला भोक पाडतो. हे सगळं उपचाराला धरून आहे. एक गोष्ट मात्र गटात सांगा: हा आजार पावसाने होत नाही, जिवाणूने होतो. आजारी घोड्याच्या नाकातला शेंबूड, एकच पाण्याची बादली, एकच तोबरा यांतून तो पसरतो. भिजल्याने, गारठल्याने जनावराची ताकद कमी पडते एवढंच. पुस्तकातली माणसं पावसालाच दोष देतात, आणि कादंबरीला तेच हवं आहे, कारण प्रश्न दिलेल्या शब्दाचा आहे.

तिसऱ्या भागात तो शब्द परत येतो. घोडी गाभण राहते. अकरा महिने वाट बघायची. विण्याची वेळ येते तेव्हा शिंगरू आडवं. सरळ असेल तर आधी पुढचे दोन खूर आणि त्यावर टेकलेलं नाक दिसतं, आणि पुढचं काम अर्ध्या तासात उरकतं. आडवं असेल आणि वळत नसेल, तर त्या काळच्या वस्तीवर घोडी किंवा शिंगरू यांतलं एकच वाचायचं. बिली काय करतो ते इथे लिहीत नाही.

पिंपळपार:
दोघांचेही आभार, अगदी हवं तसं मिळतंय. दोन प्रश्न. गटातल्या दोन घरांत दहा-बारा वर्षांची मुलंही ऐकायला बसतात, त्यांच्यासमोर 'रेड पोनी' चालेल का? आणि मराठीतलं काहीच कसं आलं नाही अजून?

खरारा:
मुलांसमोर नको. पहिल्या भागाच्या शेवटी गिधाडं आहेत आणि तिसऱ्या भागात हातोडा आहे, दोन्ही अगदी जवळून दाखवलेले. मुलांसाठी मेरी ओ'हारा यांची 'माय फ्रेंड फ्लिका' घ्या, 1941 ची. वायोमिंगमधली घोड्यांची वस्ती, वडिलांना न आवडणारी शिंगी निवडणारा मुलगा केन, आणि घरात पैशाची ओढाताण. शिंगी काटेरी तारेत अडकते तो भाग मुलांना समजावून सांगा: घोडा घाबरला की स्थिर थांबत नाही, सुटायला जोर लावतो, म्हणून तार आणखी आत रुतते. गुडघ्याखाली मांस जवळजवळ नसतंच, म्हणून तिथली जखम भरायला फार वेळ लागतो. संक्षिप्त बालआवृत्ती मात्र घेऊ नका. तिच्यात आईवडिलांमधलं बोलणं उडवलेलं असतं, आणि कुटुंब कळतं ते तिथेच.

पायवाट:
चिंगीज ऐतमातोव यांची 'फेअरवेल, गुलसारी!' यादीत हवीच. 1966 ची, किरगिझस्तानातली. म्हातारा तानाबाय आपल्या म्हाताऱ्या घोड्याला घेऊन घराकडे निघाला आहे, घोडा वाटेत मरायला टेकला आहे, आणि त्या एका रात्रीत दोघांचं सबंध आयुष्य उलगडतं.

गुलसारी हा रवाल चालीचा घोडा. मराठी वाचकाला हे तळटीप न लागता कळतं, कारण आपल्याकडे हा शब्द जिवंत आहे. दुडक्या चालीत समोरासमोरचे तिरपे पाय एकदम उचलले जातात, म्हणजे पुढचा डावा आणि मागचा उजवा, आणि स्वार वरखाली आपटतो. रवाल चालीत एका बाजूचे दोन्ही पाय एकदम पडतात, पाठ जवळजवळ स्थिर राहते, आणि लांबचा पल्ला अंग न दुखता निघतो. म्हणून अशा घोड्यावर सगळ्यांचा डोळा. कोलखोजचा, म्हणजे सामुदायिक शेतीचा, नवा अध्यक्ष तो स्वतःसाठी मागवून घेतो. घोडा पळून तानाबायकडे परत येतो, पुन्हा नेला जातो, पुन्हा येतो. एकदा तर पायात लोखंडी बेड्या असताना येतो. शेवटी त्याला खच्ची करतात.

ती पानं सगळ्यात अवघड आहेत. खच्ची करणं ही स्टेपवरची, म्हणजे तिकडच्या गवताळ माळावरची, रोजची बाब, लेखकही ती आरडाओरडा न करता लिहितो. पण इथे ते घोड्याला शिस्त लावायला केलेलं नाही, त्याचा परत येण्याचा हट्ट मोडायला केलेलं आहे, आणि तानाबायला ते समजतं. पुढे त्याच्याकडे मेंढरं दिली जातात, विण्याचा हंगाम येतो आणि गोठ्याला धड छप्पर नसतं. तिथून त्याचा आणि कम्युनिस्ट पक्षाचा सरळ सामना होतो.

शोधताना नावाची स्पेलिंगं दोन-तीन प्रकारची आहेत, गुलसारी आणि ग्युल्सारी दोन्ही टाकून बघा. मॉस्कोत छापलेल्या जुन्या इंग्रजी आवृत्त्या रद्दीच्या दुकानांत अजून मिळतात. त्यांची शिवण बघून घ्या, मधली पानं निसटतात.

नदीकाठ:
केंट हारुफ, 'प्लेनसाँग', 1999. कोलोरॅडोतलं होल्ट नावाचं कल्पित गाव. शेजारधर्मावर याहून चांगलं पुस्तक सुचवता येणार नाही: दिवस गेलेल्या शाळकरी मुलीला आईने घराबाहेर काढलं आहे आणि दोन म्हातारे अविवाहित शेतकरी भाऊ तिला आपल्या घरी ठेवून घेतात. त्यांना बोलायचं काय हे सुचत नाही म्हणून ते तिच्याशी बाजारभाव बोलतात. घोड्याचा प्रसंग कमी, पण पक्का. पोटशूळाने घोडा मरतो आणि डॉक्टर त्याचं पोट उघडून आतड्याला पडलेला पीळ दाखवतो, दोन लहान मुलगे बघत असतात. घोड्याला उलटी करता येत नाही, जठराच्या तोंडाची झडप एकाच दिशेने उघडते. वायू किंवा पीळ अडकला की वरून सुटका नाही. संवादांना अवतरणचिन्हं नाहीत, दहा पानांत सवय होते.

पेर पेटरसन यांच्या 'आउट स्टीलिंग हॉर्सेस'बद्दल मात्र सावध करतो. पुस्तक उत्तम आहे, नॉर्वेतलं सरहद्दीजवळचं खेडं, 1948 चा उन्हाळा, दोन शेजारी कुटुंबांवर कोसळलेलं दुःख. पण घोडे सुरुवातीला येतात आणि मग शीर्षकाचा अर्थच बदलतो. तुमच्या अटीत बसत नाही.

मृग:
मराठीचं उत्तर. आपल्या शेतकरी गावात नांगराला घोडा कधी नव्हता, बैल होता. घोडा असायचा तो पाटलाच्या दारात, बाजाराला जाणाऱ्याच्या बुडाखाली, किंवा धनगराचं बिऱ्हाड वाहणारं तट्टू म्हणून. भीमा खोऱ्यातली भीमथडी जात आज मुख्यतः धनगरांच्या कळपांबरोबर टिकून आहे ती यामुळेच. म्हणून मराठीत ही जागा बैलाच्या कादंबऱ्यांनी भरली आहे. अट थोडी सैल केलीत तर आनंद यादवांची 'गोतावळा' (1971) सगळ्यात वर ठेवा. नारबा हा सालगडी, रक्ताचं माणूस कुणी नाही, मळ्यातली जनावरं हाच त्याचा गोतावळा. मालक ट्रॅक्टर आणतो आणि जनावरं एकेक करून विकली जातात. कागलकडची बोली आहे, पहिली वीस पानं मोठ्याने वाचा, कान सरावतो.

माडगूळकरांची 'बनगरवाडी' (1955) सर्वांनी वाचलेली असेल, तरी या यादीत परत वाचण्यासारखी आहे. शेकूकडे एकच बैल असतो आणि जुवाच्या दुसऱ्या बाजूला त्याची बायको जुंपून घेते, तो प्रसंग रिकीब यांनी सांगितलेल्या फेरीशेजारी ठेवून बघा. गावात जनावर कमी पडतं तेव्हा घर काय करतं, हे दोन्हीकडे आहे. अण्णा भाऊंच्या 'फकिरा'त (1959) गबऱ्या घोडा आहे, पण ती बंडाची कादंबरी आहे, शेजाराची नव्हे.

पिंपळपार:
बैलाचं पटलं, अट सैल केली. मग असा क्रम चालेल का: 'रेड पोनी', 'फ्लिका', 'हार्ट्स ऑफ हॉर्सेस', 'गोतावळा', 'प्लेनसाँग', 'गुलसारी'? 'बनगरवाडी'चा तो प्रसंग 'हार्ट्स'च्या बैठकीत वाचून दाखवू.

पायवाट:
'गुलसारी' शेवटी ठेवलीत ते बरोबर. पण 'गोतावळा' तिच्या लगेच आधी घ्या आणि 'प्लेनसाँग' चौथी करा. नारबा आणि तानाबाय लागोपाठ वाचले की चर्चा आपोआप होते: दोघंही दुसऱ्याच्या मालकीच्या जनावरांवर जीव लावतात, आणि एकाचा मालक माणूस आहे, दुसऱ्याचा कोलखोज.

रिकीब:
'फ्लिका' दुसरी ठेवलीत तर तिला दोन बैठका द्या, पुस्तक तीनशेच्या वर जातं आणि मुलांसमोर घाईने वाचू नये. 'हार्ट्स'च्या बैठकीसाठी एक मोठा कागद घ्या, त्यावर गोलात सात घरं काढा आणि सात रंगांची बटणं घोडे म्हणून ठेवा. प्रत्येक दिवसाला प्रत्येक बटण एक घर पुढे सरकवा. चौथ्या दिवशी थांबून विचारा, कुणाचा घोडा आत्ता कुणाच्या आवारात आहे आणि त्या घरात चारा किती उरला आहे. घोडे पेनाने काढू नका, ते रोज हलतात.